पांढऱ्याचं माप

कुणी कुणाला पैसे द्यायचे नाहीत, एवढं आधी ठरलं.
पेट्रोल माझं. स्कर्ट लवीनाच्या बहिणीचा,
मागून चार पिना लावून कमरेला आणलेला.
आणि वेळ स्वेजलची:
साडेनऊला डिचोलीच्या फार्मसीचं शटर तिनेच उघडायचं असतं.

लग्नांच्या बिलबुकात मागच्या पानावर मी आखणी केली होती.
जागा: आगरवाड्याची मिठागरं.
सूर्य: पावणेसातला, डोंगरावरून यायला आणखी दहा मिनिटं.
आदल्या रविवारी एकटाच जाऊन आलो,
मेरेत छत्री खोचली, तिलाच मॉडेल समजून
डावीकडून, उजवीकडून, बसून, पालथा पडून फोटो काढले.
छत्रीने तक्रार केली नाही.

शिवोलीचा पूल ओलांडला तेव्हा अंधारच होता.
लवीनाने स्कूटरच्या आरशात स्वेजलचा चेहरा केला,
मोबाइलचा टॉर्च दातांत धरून,
डबीतल्या तिसऱ्या नंबरने.
मान राहिली मानेच्याच रंगाची.
मी पाहिलं. बोललो नाही.

"पांय सांबाळून दवर, बाय, मेर ओली आसा."
सावळोबाब लाकडी फावड्याने मीठ ओढत होता,
आम्ही यायच्या कितीतरी आधीपासून.

पहिली फ्रेम. मीठ करडं.
दुसरी. करडं.
कॅमेऱ्याला पांढरं कळत नाही,
त्याच्या हिशेबात जग सरासरी राखेच्या रंगाचं,
जास्त उजेड दिसला की तो घाबरून दाबतो.
सावळोबाब स्क्रीनवर वाकला:
"हें मीठ न्हय. हो गोबर."
आणि दोन मुठी पुढे केल्या.
एका मुठीतलं वरवरचं, ताटात वाढायचं,
दुसरीतलं तळाचं, चिखल लागलेलं, माडांच्या मुळांत जाणारं.
मला दोन्ही पांढरीच दिसली.
तो माझ्याकडे बघत राहिला, डॉक्टर बघतो तसा.

नऊ वर्षं मी लग्नं काढतो.
एक पट्टी असते, उजवीकडे सरकवली की नवरी उजळते,
सासू खूश, उरलेले पैसे त्याच दिवशी.
एकदा एक जण अल्बम घेऊन म्हापशाच्या दुकानात आली होती,
बांगड्यांवर बोट ठेवून म्हणाली,
चुडा माझा आहे. हात कोणाचा?
प्रिंटिंगचा दोष, म्हणालो मी.

"ओढतंय," स्वेजल म्हणाली,
आणि प्यायच्या बाटलीतल्या पाण्याने तोंड धुऊन टाकलं,
सरळ, खसाखसा, स्कर्टलाच पुसलं.
लवीनाचे चाळीस मिनिटांचे कष्ट
कुणाच्यातरी मिठात ठिबकले.
ती माझ्याशी भांडली, स्वेजलशी नाही.

मग मी मीठ सोडलं, आभाळ सोडलं,
माप तिच्या गालावरून घेतलं.
गालाचं हाड, कानामागचा घाम,
वरच्या ओठावरची गोवराची जुनी खूण,
सगळं जिथल्या तिथे आलं.
मागे काहीच उरलं नाही, नुसता कोरा कागद.
सावळोबाब पुन्हा वाकला:
"आनी मीठ खंय गेलें?"

आठ वाजता ऊन कडक झालं. आवरताना मोजल्या,
पिना तीनच.
"कोणाच्या तरी भाताच्या घासात जायची," लवीना पुटपुटली,
आणि आम्ही चौघं चवड्यांवर बसून
गुडघ्याएवढ्या ढिगाऱ्याजवळ बोटांनी शोधत राहिलो,
पंचवीस मिनिटं, तळव्यांना चुरचुर.
त्याचा फोटो कुणी काढला नाही.
पीन सावळोबाबला मिळाली, पायाने.

दुपारी जेवणाच्या सुट्टीत स्वेजलचा मेसेज:
मान आणि तोंड एकाच माणसाचं आलंय ना?

पट्टीवरचं बोट मी उचललं.
आलंय, लिहिलं.
मीठ मात्र गेलं.